एलिझाबेथ बॅरेटचं ग्रीक आणि जमैकाची साखर

जून १८३१ मध्ये पंचवीस वर्षांच्या एलिझाबेथ बॅरेटने, पुढे नावाजलेल्या इंग्रजी कवयित्रीने, रोजनिशी लिहायला घेतली. इंग्लंडच्या हेरफर्डशरमध्ये, मिनार उभारलेल्या ‘होप एंड’ नावाच्या तुर्की थाटाच्या घरात ती भावंडांसोबत राहत होती. पुढच्या एप्रिलपर्यंतच्या त्या पानांवर दोन विषय सतत एकमेकांना खेटून येतात. मॅल्व्हर्नला राहणारे ह्यू स्टुअर्ट बॉइड हे अंध ग्रीक पंडित तिचे स्नेही. त्यांच्याकडे जाऊन आज प्राचीन ग्रीक नाटककार एस्किलसचं काय वाचलं, हा एक विषय. आणि घर विकलं जाणार की राहणार, वडील तर काही बोलत नाहीत, हा दुसरा.

एलिझाबेथ आणि तिचा पती, कवी रॉबर्ट ब्राउनिंग यांच्यावर सव्वाशे वर्षांत भरपूर अभ्यास झाला. एकाच पानावरच्या या दोन गोष्टी एकत्र वाचायच्या असतात, हे मात्र त्या अभ्यासाला फार उशिरा उमगलं.

बॅरेट घराणं जमैकातलं. उसाचे मळे, साखर, रम आणि मळ्यांवर राबणारे गुलाम, अशी पिढ्यान्‌पिढ्यांची मालमत्ता. एलिझाबेथचे वडील तिथेच १७८५ मध्ये जन्मले, तेव्हा त्यांचं आडनाव मोल्टन होतं. आईच्या वडिलांची इस्टेट हवी तर बॅरेट हे नाव लावायचं, अशी अट होती आणि १७९८ मध्ये ते नाव त्यांना लागलं. आपल्याकडे दत्तक गेलेल्याचं आडनाव बदलतं, त्यातलाच प्रकार. एलिझाबेथचं पूर्ण नाव म्हणूनच एलिझाबेथ बॅरेट मोल्टन बॅरेट असं लांबलचक झालं. सही ती ‘ई. बी. बी.’ अशी करायची. १८४६ मध्ये ब्राउनिंगशी लग्न झालं तरी ही आद्याक्षरं बदलली नाहीत. इंग्रजीतल्या अतिशय कोवळ्या प्रेमकविता जिने लिहिल्या, तिच्या सहीतला मधला ‘बी’ एका मळेवाल्याच्या वारशातून आलेला आहे.

तिचं ग्रीकही याच घरातलं. धाकट्या भावाला शिकवायला मास्तर येत, त्यांच्याकडे तीही बसली. भाऊ पुढे चार्टरहाउस शाळेत गेला, ती घरीच राहिली. मुलीला शाळा नव्हती, पण पुस्तकांना आणि वेळेला तोटा नव्हता. १८२० मध्ये, ती चौदा वर्षांची असताना, मॅरेथॉनच्या लढाईवरचं तिचं काव्य वडिलांनी स्वखर्चाने छापून घेतलं. प्रती पन्नास. लेकीचं इतकं कौतुक करणारा बाप त्या काळात दुर्मीळच म्हणायचा. छपाईचा खर्च कोणाच्या घामातून निघाला, हा प्रश्न त्या घरात तेव्हा कोणी विचारल्याचं दिसत नाही.

मग घडी विस्कटली. जमैकातल्या मालमत्तेवरून भाऊबंदकीचा दावा चालला होता, तो अंगाशी आला. साखरेचं उत्पन्न घटलं. १८३१ च्या नाताळात जमैकातले हजारो गुलाम उठावाला उभे राहिले आणि तो उठाव फार क्रूरपणे चिरडला गेला. १८३२ मध्ये होप एंड विकून कुटुंब सिडमथ या समुद्रकाठच्या गावी गेलं.

पुढच्याच वर्षी, १८३३ मध्ये, एलिझाबेथने केलेला एस्किलसच्या ‘प्रॉमिथ्यूस बाउंड’चा इंग्रजी अनुवाद निनावी प्रसिद्ध झाला. माणसांना अग्नी दिला म्हणून देवांच्या राजाने कड्याला साखळदंडांनी जखडलेल्या प्रॉमिथ्यूसचं हे नाटक. त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये ब्रिटिश संसदेने गुलामगिरी रद्द करणारा कायदा केला. मालकांना नुकसानभरपाई म्हणून दोन कोटी पौंड मंजूर झाले, गुलामांना काहीच मिळालं नाही. सप्टेंबरमध्ये एका मैत्रिणीला तिने लिहिलं, की या कायद्याने वेस्ट इंडीजचे मळेवाले बुडाले, तरीही गुलाम मुक्त झाले याचा मला आनंदच आहे. एस्किलस निवडताना जमैका तिच्या मनात होतं असा दावा मी करणार नाही. पण बेड्यांचं हे नाटक ओळीओळीने इंग्रजीत आणणारी मुलगी कोणत्या घरात बसली होती, हे ठाऊक झाल्यावर तो अनुवाद पूर्वीसारखा वाचता येत नाही.

अनुवाद तिचा तिलाच आवडेनासा झाला. बारा दिवसांत उरकलेला तो मजकूर आगीतच टाकायला हवा होता, असं तिने पुढे लिहिलं. तिने तो पुन्हा मुळापासून केला आणि नवा पाठ १८५० च्या कवितासंग्रहात घातला. पहिल्या खेपेला ती ग्रीक शब्दाला बिलगून चालते, दुसऱ्या खेपेला तिला स्वतःचा इंग्रजी आवाज सापडलेला आहे. अनुवाद शिकू पाहणाऱ्या कोणीही हे दोन पाठ शेजारी ठेवून वाचावेत.

अभ्यासाची सुरुवात चांगल्या हातांनी झाली. १८९७ मध्ये तिच्या पत्रांचे दोन खंड फ्रेडरिक केन्यन यांनी संपादित केले. ॲरिस्टॉटलचा अथेन्सच्या राज्यव्यवस्थेवरचा ग्रंथ इजिप्तमध्ये सापडलेल्या पपायरसवरून पहिल्यांदा छापणारे ते हेच. १८३३ चं ते पत्र त्यांच्या संग्रहात आहे. १८५५ मध्ये तिने कलासमीक्षक जॉन रस्किनला लिहिलेलं पत्रही आहे: मी गुलाम बाळगणाऱ्या घराण्यातली, शापांवर माझा विश्वास असता तर मला भीती वाटली असती. म्हणजे सगळं डोळ्यांसमोर होतं. पण १८९९ मध्ये ब्राउनिंग दांपत्याच्या मुलाने आईवडिलांची प्रेमपत्रं छापली आणि वाचकांचं सारं लक्ष तिकडे वळलं. कडक बाप, आजारी कवयित्री, पळून जाऊन केलेलं लग्न, ही गोष्ट १९३० मध्ये रंगभूमीवर गाजली. लग्नाआधी ती लंडनच्या विंपोल स्ट्रीटवरच्या ज्या घरात राहत होती, त्याचं दार, पत्रं टाकायच्या फटीसकट, आज अमेरिकेत वेलस्ली कॉलेजच्या ग्रंथालयात जपून ठेवलेलं आहे.

मुलाच्या मृत्यूनंतर, १९१३ मध्ये, घरातली पुस्तकं, हस्तलिखितं, चित्रं सगळं लंडनमध्ये लिलावात निघालं आणि जगभर पांगलं. अभ्यासकांची पुढची मेहनत मुख्यतः ही पांगापांग निस्तरण्याची. १९३८ मध्ये जीनेट मार्क्स यांनी बॅरेट घराण्याचा जाडजूड इतिहास लिहिला. आपल्याकडच्या कुलवृत्तांताची आठवण व्हावी असं ते काम, पण मळ्यांसह. १९६९ मध्ये फिलिप केली आणि रोनाल्ड हडसन यांनी ती रोजनिशी छापली. १९८४ पासून त्याच दोघांनी ब्राउनिंग दांपत्याचा समग्र पत्रव्यवहार काढायला घेतला, त्याचे आतापर्यंत वीसहून अधिक खंड निघाले. लिलावात कोणती वस्तू कोणाकडे गेली त्याची यादीही केलींनी सहकाऱ्यासोबत त्याच वर्षी छापली. हे काम नीरस वाटेल, पण तिने कोणत्या ग्रीक पुस्तकाच्या समासात काय लिहिलं, हे कळायचं तर ते पुस्तक आज कोणत्या कपाटात आहे हे आधी कोणीतरी शोधावं लागतं.

२०१३ मध्ये युनिव्हर्सिटी कॉलेज लंडनने गुलामांच्या मालकांना मिळालेल्या भरपाईच्या नोंदी सर्वांसाठी खुल्या केल्या. नाव, मळा, गुलामांची संख्या, रक्कम. बॅरेट हे आडनाव त्यात कोणालाही शोधता येतं.