गेटवर नोटीस लागली, जागा रस्त्यात चाललीय, आता काय करायचं?

गेल्या वर्षी दोन माणसं टेप घेऊन आली आणि आमच्या सोसायटीच्या कंपाउंडच्या भिंतीवर लाल ऑइलपेंटने बाण काढून गेली. चार दिवसांनी एक जण छापील ताबा पावती घेऊन हजर. सेक्रेटरी काकांनी पेनचं टोपणसुद्धा काढलं होतं, म्हटलं काका थांबा, वाचू तरी. त्या कागदात भरपाईचा एक शब्द नव्हता!

ताबा पावतीवर सही म्हणजे जागा दिली, हे आधी डोक्यात ठेवा. घटनेचं कलम ३००-अ आहे, कायद्याच्या आधाराशिवाय कुणाचीच मालमत्ता घेता येत नाही, आणि मे २०२४ मध्ये सुप्रीम कोर्टाने कोलकाता महापालिकेच्या केसमध्ये स्पष्टच सांगितलंय की नोटीस, सुनावणी, कारणांसकट निर्णय, योग्य भरपाई हे सगळं मालकाचे हक्क आहेत, साहेबांची मेहरबानी नाही.

नोटीस आली की पहिलं बघा ती कुठल्या कायद्याखाली आहे, कारण मुदत त्यावर ठरते. २०१३ च्या भूसंपादन कायद्यात कलम ११ ची अधिसूचना निघाल्यापासून ६० दिवसांत लेखी हरकत द्यायची, नॅशनल हायवेसाठी फक्त २१ दिवस, रेल्वेच्या विशेष प्रकल्पाला ३०. हरकत कलेक्टर ऑफिसला (मुंबईत उपनगरवाल्यांचं वांद्रे पूर्वेला, शहरवाल्यांचं फोर्टात जुन्या कस्टम हाऊसमध्ये) किंवा नोटिशीत ज्या अधिकाऱ्याचं नाव असेल त्याच्याकडे, आणि दुसऱ्या कॉपीवर पोच शिक्का घेतल्याशिवाय तिथून हलायचं नाही.

दावा फक्त मालकच करू शकतो असं नाही हां. सहमालक, वारस, भाडेकरू, पागडीवाले, ज्याचा भरपाईत हितसंबंध आहे तो प्रत्येक जण येतो. कागद म्हणजे प्रॉपर्टी कार्ड नाहीतर सातबारा, खरेदीखत आणि इंडेक्स टू (नोंदणी ऑफिसचा खरेदीचा उतारा), असेसमेंट टॅक्सचं बिल, भाडेकरू असाल तर भाडेपावत्या, मालक वारला असेल तर वारसाचे कागद, बँक पासबुक, आधार, पॅन. सोबत महापालिकेचा डीपी रिमार्क (विकास आराखड्यात आपल्या जागेवर काय दाखवलंय त्याचा दाखला) काढा, सार्वजनिक कामासाठी आरक्षण आहे की नुसती रोड लाईन आहे ते त्यात कळतं.

पैशाचं गणित असं की रेडी रेकनरचा (स्टॅम्प ड्युटीसाठीचा सरकारी) दर आणि आसपासच्या खरेदी-विक्रीचा दर, यात जो जास्त तो धरतात, त्यावर बांधकाम-झाडांची किंमत, मग तेवढीच रक्कम पुन्हा दिलासा म्हणून म्हणजे १०० टक्के, आणि वर बाजारभावावर वर्षाला १२ टक्के. २०१३ च्या कायद्याखालच्या निवाड्यावर (कलेक्टरच्या भरपाईच्या निर्णयावर) इन्कम टॅक्स आणि स्टॅम्प ड्युटी लागत नाही (कलम ९६), हे कुणी आपणहून सांगत नाही.

रक्कम कमी वाटली तरी चेक परत करू नका, पण घेताना "हरकत राखून स्वीकारली" असं लिहा, नाहीतर वाढीव भरपाई मागायचा दरवाजाच बंद. मग कलम ६४ खाली कलेक्टरकडे अर्ज, निवाड्याच्या वेळी तुम्ही हजर असाल तर सहाच आठवडे.

मुंबईत मात्र बऱ्याचदा पैसे देतच नाहीत, टीडीआर देतात, म्हणजे जागेच्या बदल्यात दुसरीकडे जादा बांधकाम करायचा हक्क. शहरात दिलेल्या जागेच्या अडीचपट, उपनगरात दुप्पट. बिल्डरला विकता येतो, पण भाव बाजारावर, त्यामुळे छोट्या पट्टीसाठी धावाधाव परवडते का ते बघा. आणि आरक्षण टाकून नुसतं बसवून ठेवलं असेल तर एमआरटीपी (महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना) कायद्याचं कलम १२७ आहे, आराखडा लागू होऊन १० वर्षं झाली की 'जागा घ्या' अशी पर्चेस नोटीस द्यायची, २४ महिन्यांत जागा घेतली नाही किंवा घ्यायची कारवाईही सुरू केली नाही तर आरक्षण रद्द. आपला २०३४ चा आराखडा बहुतेक भागात १ सप्टेंबर २०१८ पासून लागू आहे, म्हणजे २०२८ पर्यंत थांबणं आलं.

आमचं काय अडलं म्हणाल तर कन्व्हेयन्स, म्हणजे जमीन सोसायटीच्या नावावर होणं. प्रॉपर्टी कार्डवर अजून जुन्या जमीनमालकाचंच नाव, म्हणजे भिंत आमची पडणार आणि भरपाई त्याच्या नावावर निघणार. आता डीम्ड कन्व्हेयन्सची (मालक सही करत नसला तरी जमीन नावावर करून घ्यायची) फाईल उपनिबंधकांकडे टाकलीय, आणि पावसात अर्धा पुसलेला तो लाल बाण अजून तसाच आहे.