सहाची घंटा आणि यकृताचा वेग

बार लवकर बंद केले की लोक कमी पितात आणि उशिरापर्यंत उघडे ठेवले की जास्त पितात, हे दारूबंदीचे समर्थक आणि दारूचे विक्रेते दोघांनीही गृहीत धरलेलं असतं. एरवी त्यांचं कशावरच एकमत होत नाही. मला हे गणित अपुरं वाटतं, कारण त्यात पिणाऱ्याचं यकृत कुठेच येत नाही. दारू किती प्यायली याइतकंच ती किती वेळात प्यायली यालाही महत्त्व आहे, आणि दुकान बंद करायची वेळ ठरवणारा कायदा या वेगालाच हात घालतो. ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंड या देशांनी हा प्रयोग स्वतःच्या जनतेवर कित्येक दशकं केला. त्याचं उत्तर शरीरशास्त्राच्या पुस्तकात मिळतं.

पहिलं महायुद्ध चालू होतं. दक्षिण ऑस्ट्रेलिया राज्याने १९१५ साली जनमत घेऊन पब संध्याकाळी सहाला बंद करायचं ठरवलं. सिडनीजवळच्या कसूला आणि लिव्हरपूल इथल्या लष्करी छावण्यांत १४ फेब्रुवारी १९१६ रोजी वाढीव कवायतीवरून हजारो सैनिक बिथरले. त्यांनी लिव्हरपूलचे पब कोरडे केले, आगगाड्या पकडून सिडनी गाठली, आणि रात्री सेंट्रल स्टेशनवर झालेल्या गोळीबारात एक सैनिक मारला गेला. दारूविरोधी चळवळीला याहून मोठं कारण नको होतं. जूनमध्ये न्यू साउथ वेल्सने सहाच्या बाजूने कौल दिला. त्याच वर्षी व्हिक्टोरिया आणि टास्मानियाही त्या वाटेने गेले, आणि न्यूझीलंडने डिसेंबर १९१७ मध्ये हाच नियम लावला. युद्धापुरता म्हणून आलेला कायदा युद्ध संपल्यावर गेला नाही. टास्मानियाने तो १९३७ मध्ये सोडला, न्यू साउथ वेल्सने १९५५ मध्ये, व्हिक्टोरियाने १९६६ मध्ये. दक्षिण ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंड यांनी थेट १९६७ मध्ये.

हेतू चांगला होता. पुरुषांनी संध्याकाळी घरी जावं, बायकामुलांबरोबर जेवावं, पगार घरात यावा. पण गोदीतलं आणि कचेरीतलं काम सुटायचं पाचला. मधल्या एका तासात गर्दी बारच्या काउंटरवर तुटून पडे, सहाच्या आत जमतील तितके ग्लास रिचवी आणि मग एकदमच रस्त्यावर ओतली जाई. या प्रकाराला तिथे ‘सिक्स ओ’क्लॉक स्विल’ (सहाची ढोसाढोस) हे नाव पडलं. पबच्या भिंतींना फरशा बसवल्या गेल्या, कारण त्या धुऊन काढता येत. न्यूझीलंडमध्ये बारमन तोटी लावलेली रबरी नळी घेऊन काउंटरभर फिरत आणि समोर येईल तो ग्लास भरत.

आता शरीरात काय होतं ते पाहू. या विषयातला मला सर्वांत आवडणारा भाग हाच आहे, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

दारूतलं अल्कोहोल, म्हणजे इथेनॉल, हा अगदी लहान रेणू आहे आणि तो पाण्यात सहज मिसळतो. त्याला पचवावं लागत नाही. जठराच्या भिंतीतून तो थोडासा शोषला जातो, पण खरा दरवाजा लहान आतड्याचा. तिथे शोषणारा पृष्ठभाग प्रचंड असतो. म्हणून अल्कोहोल किती लवकर चढणार हे जठराच्या खालच्या तोंडाशी असलेला स्नायूचा वळा ठरवतो. पोटात अन्न असेल तर तो वळा जठरातला माल थोडा थोडा पुढे सोडतो. पोट रिकामं असेल तर बिअर झटकन आतड्यात उतरते आणि अर्ध्या-पाऊण तासात रक्तातलं प्रमाण शिखराला पोचतं. पाचला कामावरून सुटलेल्या माणसाने दुपारचं जेवण कधीच पचवलेलं असतं.

हे झालं येणं. जाण्याची वाट वेगळी आहे, आणि तिचा स्वभावच वेगळा आहे. अल्कोहोलचा फार मोठा वाटा यकृतात जळतो. अल्कोहोल डिहायड्रोजिनेज नावाचं विकर (एन्झाइम, म्हणजे रासायनिक क्रिया वेगाने घडवणारं प्रथिन) त्याचं ॲसिटाल्डिहाइड करतं, दुसरं विकर त्याचं ॲसिटेट करतं. आपण घेतो त्या बहुतेक औषधांच्या बाबतीत रक्तात जितकं जास्त, तितकं ते वेगाने बाहेर जातं, म्हणून डॉक्टर त्यांच्या ‘अर्धायुष्या’बद्दल, म्हणजे रक्तातलं प्रमाण निम्मं व्हायला लागणाऱ्या वेळाबद्दल बोलतात. अल्कोहोलचं तसं नाही. पिठाच्या गिरणीपुढे डब्यांची रांग कितीही वाढली तरी जातं तासाला दळायचं तेवढंच दळतं, तसं यकृताचं आहे. रक्तातलं प्रमाण १०० मिलिलिटरमागे तासाला साधारण १५ मिलिग्रॅमने उतरतं. माणसागणिक हा आकडा १० ते २० किंवा थोडा वर असा बदलतो, पण त्याच माणसाने जास्त प्यायली म्हणून त्याचं यकृत त्या संध्याकाळी दुप्पट वेगाने काम करत नाही.

असं का? लिओनोर मिखाएलिस आणि मॉड मेंटेन यांनी १९१३ साली विकरांच्या वेगाचं जे समीकरण मांडलं, त्यात एक स्थिरांक आहे: किती संहतीला, म्हणजे द्रावणातल्या किती प्रमाणाला, विकर आपल्या कमाल वेगाच्या निम्म्याला पोचतं. यकृतातल्या या विकराच्या एका प्रमुख प्रकारात तो सुमारे ०.०५ मिलिमोल प्रति लिटर इतका कमी आहे, म्हणजे १०० मिलिलिटर रक्तात पाव मिलिग्रॅमही नाही. अर्धा ग्लास बिअर पोटात गेली की विकराचा प्रत्येक रेणू कामाला जुंपलेला असतो आणि पुढे वेग वाढायला वावच नसतो. शिवाय दुसरी अडचण. हे विकर अल्कोहोलमधला हायड्रोजन काढून एनएडी नावाच्या सहविकराला (विकराच्या मदतनीस रेणूला) देतं, त्याचं एनएडीएच होतं. ते पुन्हा रिकामं झाल्याशिवाय पुढचा अल्कोहोलचा रेणू हाताळता येत नाही. रिकामं करायचं काम पेशीतल्या तंतुकणिकांच्या (मायटोकॉन्ड्रियांच्या) आत होतं, पण एनएडीएचला तिथे थेट प्रवेश नाही. मॅलेट आणि ॲस्पार्टेट या रेणूंच्या फेऱ्यांमधून त्याचे इलेक्ट्रॉन आत पोचवावे लागतात. या फेऱ्यांचाही वेग ठरलेला. नियमित खूप पिणाऱ्यांत सीवायपी-२ई१ हे आणखी एक विकर वाढतं आणि वेग काहीसा चढतो, पण त्याची किंमत यकृतच मोजतं.

लिंबू चोखणं, ताक, कडक कॉफी, डोक्यावर गार पाणी, झाडून सगळे उतारे इथेच निकालात निघतात. यातल्या एकानेही ही विकरं जागची हलत नाहीत. कॉफीने झोप उडते, कारण कॅफीन मेंदूतल्या, झोप आणणाऱ्या ॲडेनोसिनच्या ग्राहींना अडवतं. रक्तातलं अल्कोहोल जिथल्या तिथे राहतं. तरतरीत वाटणारा नशेतला माणूस गाडीची किल्ली जास्त आत्मविश्वासाने उचलतो, म्हणून हा समज मला निरुपद्रवी वाटत नाही. ‘हँगओव्हर उतरवणाऱ्या’ गोळ्या आणि बाटल्यांची आजची जाहिरातबाजी त्याच पंक्तीतली आहे.

आता आकडेमोड. स्वीडनमधल्या लुंड विद्यापीठाच्या एरिक विडमार्क यांचं सूत्र आजही न्यायवैद्यकात वापरतात: प्यायलेले अल्कोहोलचे ग्रॅम भागिले (शरीराचं वजन गुणिले एक गुणक); हा गुणक पुरुषांसाठी सरासरी ०.६८, बायकांसाठी ०.५५. (बायकांच्या शरीरात पाण्याचं प्रमाण कमी, म्हणून तेवढ्याच दारूने रक्तातलं प्रमाण जास्त चढतं.) सिडनीतला ‘स्कूनर’ ४२५ मिलिलिटरचा. बिअर ४.८ टक्के धरली तर त्यात सुमारे १६ ग्रॅम अल्कोहोल. ७० किलोच्या पुरुषाने पाच स्कूनर घेतले तर ८० ग्रॅम, म्हणजे १०० मिलिलिटर रक्तामागे जवळजवळ १७० मिलिग्रॅम. हेच पाच ग्लास त्याने पाच तासांत, गप्पा मारत घेतले, तर तेवढ्या वेळात ७५ मिलिग्रॅम जळून गेलेले असतात आणि तो ९५च्या आसपास राहतो. पाच ते सहा या तासात घेतले, तर शिखर १५०च्या घरात. दारू तेवढीच, माणूस तोच.

आणखी एक गोष्ट. हे शिखर सहाला येत नाही, सहानंतर येतं. शेवटचा ग्लास अजून जठरातच असताना दार बंद होतं, म्हणजे माणूस रस्त्यावर, ट्रामच्या पायरीवर आणि घराच्या उंबऱ्यावर असताना आलेख चढतच असतो. चढत्या बाजूला असताना माणूस उतरत्या बाजूपेक्षा जास्त बिघडलेला असतो, रक्तातलं प्रमाण दोन्हीकडे सारखं असलं तरी. हे एडवर्ड मेलनबी यांनी १९१९ साली कुत्र्यांवरच्या प्रयोगांत दाखवलं. मुडदूस आहारातल्या कमतरतेमुळे होतो हे दाखवणारे मेलनबी ते हेच. अल्कोहोल ठरावीक वेगानेच नाहीसं होतं आणि आधी दूध पाजलं तर ते हळू चढतं, हेही त्याच प्रयोगांतलं. म्हणजे सहाच्या कायद्याला कुठे अडचण येणार हे तो ऐन भरात असतानाच छापून आलेलं होतं.

मग पब रात्रभर उघडे ठेवले की प्रश्न सुटला? नाही. ऑस्ट्रेलियातल्याच न्यूकॅसल शहरात २००८ साली मध्यवस्तीतल्या १४ पबची वेळ पहाटे पाचवरून तीनवर आणली, काही महिन्यांनी साडेतीनवर. त्याशिवाय एकनंतर, पुढे दीडनंतर, नवीन गिऱ्हाईक आत घ्यायचं नाही असं ठरलं. शेजारच्या हॅमिल्टन भागाशी तुलना करता रात्रीच्या मारहाणीच्या घटना ३७ टक्क्यांनी कमी झाल्या. नॉर्वेतल्या १८ शहरांच्या अभ्यासात बंद व्हायची वेळ एका तासाने पुढे गेली की हिंसेच्या घटना सुमारे १६ टक्क्यांनी वाढलेल्या आढळल्या.

या दोन्ही अनुभवांत विरोध दिसतो, पण आलेख समोर ठेवला तर तो राहत नाही. संध्याकाळी पाचला आलेला माणूस शून्यावर असतो, पुढे घड्याळ असतं, म्हणून तो चढ उभा करतो. रात्री तीनला बसलेला माणूस कित्येक तास पीत असतो. तासाला साधारण सात ग्रॅम जाळणारं यकृत मागे पडलेलंच असतं, आणि प्रत्येक वाढीव ग्लास थेट त्या ढिगावर चढतो. त्यात जागरण मिसळतं. ड्रू डॉसन आणि कॅथरीन रीड यांनी १९९७ मध्ये दाखवलं की सलग १७ तास जागं राहिलं तर हात आणि नजर यांचा मेळ रक्तात ५० मिलिग्रॅम अल्कोहोल असल्याइतका बिघडतो, २४ तासांनी १०० मिलिग्रॅमइतका. सकाळी सहाला उठलेला माणूस रात्री अकरानंतर एक थेंबही न घेता या रेषेवर येतो. म्हणून संध्याकाळ कापणं मला चुकीचं वाटतं आणि पहाट कापणं योग्य.

इंग्लंड आणि वेल्ससाठी ‘लायसन्सिंग ॲक्ट २००३’ मांडताना, सगळे पब अकराला एकदम बंद होतात म्हणून लोक भराभर पितात आणि एकाच वेळी रस्त्यावर येतात, असं सांगितलं गेलं. नोव्हेंबर २००५ पासून वेळा सैल झाल्या. तर्क शरीरशास्त्राला धरून होता, पण वेळ पुढे ढकलल्याने रात्र लांबते, ही बाजू त्यात हलकी पडली.

महाराष्ट्रात नाताळ आणि ३१ डिसेंबरला परमिट रूम पहाटे पाचपर्यंत उघडे ठेवायची मुभा सरकार देत आलं आहे. आपल्याकडे गाडी चालवताना मोटार वाहन कायद्याची मर्यादा १०० मिलिलिटर रक्तामागे ३० मिलिग्रॅम आहे. पाचला १५० वर असलेला माणूस बाहेर पडला तर तासाला १५च्या हिशेबाने त्याला ३० पर्यंत यायला आठ तास लागतात, म्हणजे दुपारचा एक. सकाळी नऊला झोपून उठला, आंघोळ केली, चहा घेतला आणि कुटुंबाला घेऊन द्रुतगती मार्गाला लागला, तरी त्याच्या रक्तात त्या वेळी ९० मिलिग्रॅम असतात, कायद्याच्या तिप्पट.