मसाविचा 'वि' आणि लसाविचा 'वि' एक नाही

पंचवटीत मी आठवी-नववीच्या शिकवण्या घेते. अवयव पाडायचा धडा आला की दरवर्षी हीच चूक समोर येते. गणित असतं १२क्ष³य² + १८क्ष²य⁵, आणि कंसाबाहेर काढलेलं असतं ६क्ष³य⁵. आकड्यांचा मसावि बिनचूक, अक्षरांचा मात्र थेट लसावि! विचारलं की उत्तर ठरलेलं: "महत्तम ना मॅडम? म्हणून मोठा घातांक घेतला."

१२ आणि १८ चा मसावि ६, लसावि ३६, हे सगळ्यांना येतं. अडतं ते नावात. मसावि म्हणजे महत्तम साधारण विभाजक, लसावि म्हणजे लघुतम साधारण विभाज्य. विभाजकाने भाग जातो, विभाज्याला भाग जातो. हा सगळा फरक शेवटच्या शब्दात आहे, आणि संक्षेपात नेमका तोच 'वि'मध्ये गडप होतो. म्हणून माझ्याकडे सुरुवातीचे काही दिवस पूर्ण नावच म्हणायचं. 'मसाविला लहान घातांक, लसाविला मोठा' हे पाठांतर तर मला अजिबात चालत नाही. परीक्षेत ते हमखास उलटं आठवतं.

त्यापेक्षा घातांक उलगडून लिहा. पहिल्या पदात क्ष × क्ष × क्ष, दुसऱ्यात क्ष × क्ष. दोघांकडेही असलेले क्ष किती? दोनच. तिसरा एकट्या पहिल्याचा, तो सामाईक कसा होईल? य सुद्धा दोघांकडे दोनच. म्हणून बाहेर ६क्ष²य², आणि उत्तर ६क्ष²य²(२क्ष + ३य³). मसावि म्हणजे 'दोघांकडेही आहे तेवढं', लसावि म्हणजे 'दोघांनाही सामावून घेईल एवढं'. इथे लसावि ३६क्ष³य⁵. तो हवा असतो अपूर्णांकांचे छेद समान करताना, अवयव पाडताना नाही.

तरी पटलं नाही तर मी वाटणी करायला लावते. द्राक्षांच्या १२ पेट्या आणि कोथिंबिरीच्या १८ जुड्या आहेत. सगळ्या घरांना सारखं द्यायचं, पेटी फोडायची नाही, काही उरवायचं नाही. जास्तीत जास्त किती घरं? सहा. प्रत्येक घरी २ पेट्या, ३ जुड्या. म्हणजे १२द + १८क = ६(२द + ३क). घरं कंसाबाहेर, एका घराचा वाटा कंसात. ३६ घरं घेऊन बघा, पेट्या पुरणारच नाहीत.

चिन्हांच्या चुका सरावाने जातात. मला खुपतो तो गायब होणारा १. ६क्ष² + ३क्ष चं उत्तर मुलं ३क्ष(२क्ष) लिहून मोकळी होतात. कंस परत गुणून बघा, ६क्ष² एवढंच येईल. दुसरं पद गेलं कुठे? ३क्ष मधून ३क्ष बाहेर काढलं की आत १ राहतो, शून्य नाही: ३क्ष(२क्ष + १).