डार्क फँटसी (अंधाऱ्या, क्रूर जादुई जगाच्या) गेममध्ये नाती आली कुठून?

१९७४ साली गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह आर्नेसन यांचा ‘डन्जन्स अँड ड्रॅगन्स’ हा टेबलाभोवती बसून, एकेक पात्र बनून खेळायचा गेम आला, तेव्हा साथीदाराशी असलेलं नातं म्हणजे निव्वळ एक आकडा होता. पात्राचा करिष्मा किती, यावर भाडोत्री माणसं किती मिळणार आणि ती कितपत निष्ठेने राहणार, हे ठरायचं. नीतीचंही तसंच: सुव्यवस्था, तटस्थता आणि अनागोंदी यांपैकी एक बाजू निवडायची, की झालं.

कॉम्प्युटरवर रिचर्ड गॅरियटने १९८५ च्या ‘अल्टिमा ४’ मध्ये वेगळी वाट धरली. तिथे शेवटी हरवायला खलनायकच नाही. आठ सद्गुण अंगी बाणवायचे. जादूची सामग्री विकणारी व्यक्ती आंधळी असते आणि किती पैसे द्यायचे ते खेळाडूनेच टाइप करायचं. कमी दिले तर कोणी अडवत नाही, पण प्रामाणिकपणा गुपचूप घटतो. इतकी साधी आणि इतकी नेमकी परीक्षा नंतरच्या गेममध्येही क्वचितच सापडते.

‘बाल्डर्स गेट’मध्ये (१९९८) साथीदारांना स्वतःची मतं आली. टोळीचा नावलौकिक फार वाढला, की दुष्ट मंडळी कंटाळून चालती होत. दुसऱ्या भागात (२०००) प्रेमप्रकरणंही आली. पण नात्यातला खरा अंधार दाखवला तो १९९९ च्या ‘प्लेनस्केप: टॉर्मेंट’ने. त्यातला नायक अमर आहे आणि त्याची स्मृती गेलेली आहे. सोबतच्या डॅकॉनची श्रद्धा डळमळली असताना नायकाने पूर्वीच्या एका आयुष्यात त्याला धर्मवचनं देऊन सावरलं होतं. त्या उपकारापोटी डॅकॉनने नायक मरेपर्यंत सेवा करण्याची शपथ घेतली. नायक मात्र मरतच नाही! शिवाय तो उपकारही डॅकॉनची तलवार आपल्या कामी यावी म्हणूनच केलेला. हे सगळं कळल्यावर डॅकॉनशी कसं वागायचं, हे खेळाडूवर सोडलेलं आहे.

पुढचा पेच सेव्हचा, म्हणजे खेळ मध्येच जतन करून ठेवण्याच्या सोयीचा. निर्णय चुकला की लोक सरळ मागचा सेव्ह लोड करत. पोलंडच्या सीडी प्रोजेक्ट रेड या कंपनीने ‘द विचर’मध्ये (२००७) परिणाम काही तासांनी समोर आणले, त्यामुळे मागे जाणं परवडेना. तिसऱ्या भागात (२०१५) तर नायक गेराल्ट आपल्या उदास मानसकन्येसोबत, सिरीसोबत, दारू पीत बसतो की बर्फाचे गोळे फेकत खेळतो, अशा मोजक्या प्रसंगांवर तिचं जगणं-मरणं ठरतं. तिथे पडद्यावर कुठलाच आकडा हलत नाही.

‘बाल्डर्स गेट’चे पहिले दोन भाग बनवणाऱ्या बायोवेअरने आकडा सोडला नाही. ‘ड्रॅगन एज: ओरिजिन्स’मध्ये (२००९) साथीदारांची मर्जी उणे १०० ते अधिक १०० अशी मोजली जाई आणि भेटवस्तू देऊन ती वाढवता येई. मला ती व्यवस्था कायम उथळ वाटली. तरी त्याच गेममध्ये लोघेन या गद्दार सेनापतीला जीवदान दिलं, की मर्जी कितीही असो, अलिस्टेर हा साथीदार निघून जातो. लॅरियनच्या ‘बाल्डर्स गेट ३’मध्येही (२०२३) मर्जीची मोजदाद आहेच, पण निर्वासितांच्या कत्तलीत हात घातला, की विल आणि कार्लॅक दोघंही साथ सोडतात.