खुलासा : तो आवाज हॅरॉल्ड मेल्विनचा नाही

‘इफ यू डोन्ट नो मी बाय नाऊ’ हे 1972 चं सोल (अमेरिकी कृष्णवर्णीयांच्या संगीताचा एक प्रकार) गाणं ‘हॅरॉल्ड मेल्विन अँड द ब्लू नोट्स’ या गटाचं. त्यामुळे त्यातला मुख्य आवाज मेल्विनचा, असं आजही सर्रास सांगितलं जातं. ते चूक आहे. गातोय टेडी पेंडरग्रास.

मेल्विन गटाचा म्होरक्या होता, नाव त्याचं, सूत्रंही त्याच्याच हाती. पण मुख्य गायक तो नव्हे. पेंडरग्रास गटात आला तोच मुळी ड्रमवादक म्हणून! हा खर्जातला, किंचित खरखरीत आवाज मग पुढे आणला गेला आणि फिलाडेल्फियाच्या गॅम्बल-हफ जोडीने लिहिलेलं हे गाणं अमेरिकेच्या पॉप यादीत तिसऱ्या क्रमांकावर पोहोचलं. शांतपणे सुरू होऊन शेवटी जवळजवळ गयावया करणारी ती गायकी मेल्विनच्या खात्यावर जमा होणं मला तरी अन्यायाचंच वाटतं. 1975 च्या ‘टू बी ट्रू’ अल्बमवर पेंडरग्रासचं नाव वेगळं छापलं गेलं, पण तोवर समज रुजला होता. पुढे गट सोडून तो एकल गायक म्हणून गाजला.

आणि हो, हे गाणं मूळचं ‘सिम्पली रेड’ या ब्रिटिश गटाचंही नव्हे. त्यांची आवृत्ती 1989 ची.