पट्टीवरचा आकडा : स्मृतिभ्रंशावरील त्वचापट्टीची पार्श्वभूमी

त्वचेतून शरीरात औषध पोहोचवणारी पहिली पट्टी अमेरिकेत 1979 मध्ये मंजूर झाली. ती प्रवासातल्या मळमळीसाठी होती आणि तिच्यातले औषध मेंदूत निरोप पोहोचवणाऱ्या अ‍ॅसिटिलकोलीन या द्रव्याच्या कामात अडथळा आणणारे होते. पुढे स्मृतिभ्रंशासाठी पट्टी आली ती हेच अ‍ॅसिटिलकोलीन टिकवून धरणाऱ्या रिव्हास्टिग्मिन या औषधाची, आणि तीही मुख्यतः या औषधाने होणारी मळमळ कमी करण्यासाठी, हा योगायोग गमतीचा म्हणावा लागेल.

युरोपात 1998 पासून मिळणाऱ्या रिव्हास्टिग्मिनच्या कॅप्सूलने पुष्कळ रुग्णांना मळमळ आणि उलट्या होत, त्यामुळे डोस वाढवणे अवघड जाई. सुमारे 1,200 रुग्णांवरील 24 आठवड्यांच्या चाचणीत कॅप्सूल घेणाऱ्यांपैकी 23 टक्के रुग्णांना मळमळ झाली, तर 10 चौरस सेंटिमीटरची पट्टी लावणाऱ्यांपैकी केवळ 7 टक्क्यांना. स्मृतीवरचा परिणाम मात्र दोन्हींचा जवळपास सारखाच होता. याच आधारावर 2007 मध्ये अमेरिकेत आणि युरोपात पट्टीला मंजुरी मिळाली.

खरा गुंता पट्टीच्या नावातल्या आकड्याचा आहे. पाच चौरस सेंटिमीटरच्या मूळ पट्टीत 9 मिलिग्रॅम औषध भरलेले असते; त्यातले 24 तासांत साधारण 4.6 मिलिग्रॅम शरीरात जाते आणि उरलेले पट्टीतच राहते. युरोप-अमेरिकेत तिची ओळख 4.6 अशी आहे, तर 2011 मध्ये पट्टी आलेल्या जपानमध्ये तीच 9 म्हणून ओळखली जाते. दोन्ही आकडे खरे आहेत. पण औषधाची चिठ्ठी सांभाळणाऱ्या सुनेला किंवा मुलाला भरलेले किती आणि मिळणारे किती हा भेद कोणी समजावून सांगत नाही, आणि दोष मात्र त्यांच्याच निष्काळजीपणाला दिला जातो. रुग्णाचा हात पोहोचू नये म्हणून पाठीवर लावलेली जुनी पट्टी नजरेआड राहते आणि तिच्या शेजारी नवी लागते. जुनीत निम्मे औषध शिल्लक असल्याने असा दुहेरी डोस उलट्यांपासून नाडी मंदावण्यापर्यंत नेऊ शकतो. 2010 च्या सुमारास काही देशांच्या औषध नियंत्रकांना याबाबत इशारे द्यावे लागले. वापरलेली पट्टी चिकट बाजू आत घेऊन दुमडून टाकावी, ही सूचनाही त्या उरलेल्या औषधामुळेच आहे.

अमेरिकेत 2013 मध्ये रोज 13.3 मिलिग्रॅम देणारी रिव्हास्टिग्मिनची पट्टी आजाराच्या तीव्र अवस्थेसाठीही मान्य झाली. फ्रान्सने मात्र 2018 मध्ये लाभ अपुरा ठरवून रिव्हास्टिग्मिनसह स्मृतिभ्रंशावरच्या औषधांचा सरकारी परतावाच थांबवला. त्यानंतर 2022 मध्ये डोनेपेझिल या त्याच प्रकारच्या औषधाच्या पट्ट्यांना मंजुरी मिळाली. अमेरिकेत आठवडाभर ठेवायच्या पट्टीवर रोज मिळणारे 5 किंवा 10 मिलिग्रॅम छापलेले असतात. जपानमध्ये रोज बदलायच्या पट्टीवर आत भरलेले 27.5 किंवा 55.