पिंजरा आणि पाखरू : मराठी परंपरेतील प्रतिमा

हालअपेष्टांच्या कथा-गीतांत पक्षी मोकळेपणाचे चिन्ह म्हणून येतो. कैदी, सासुरवाशीण, परमुलखात अडकलेला विद्यार्थी, पोटासाठी गाव सोडून आलेला गिरणीकामगार, अशा अनेकांच्या तोंडी तो आढळतो. ही प्रतिमा जगभर आहे, पण मराठीत तिला स्वतःचे वळण आहे. मराठीतले पाखरू सुटते तेव्हा बहुधा एकटे, दूर आभाळात निघून जात नाही. ते घरी जाते : पिलांकडे, माहेरी, मायभूमीला. म्हणून पाखरू अडकले याचा अर्थ मराठीत नुसता ‘उडता येत नाही’ असा नसतो. ‘परतता येत नाही’ हे त्यातले खरे दुःख असते.

भाषेतच याची खूण सापडते. जीव गेला की प्राणपाखरू उडाले असे म्हणतात. मूल मोठे झाले की त्याला पंख फुटतात, आणि कुणाची उमेद मारली की त्याचे पंख छाटले जातात. उडण्याचे असे कौतुक करणाऱ्या याच भाषेत आईच्या आसऱ्याला ‘मायेची पाखर’ म्हणतात. कानाला पाखर आणि पाखरू शेजारी शेजारी बसतात. ओव्यांमध्ये तर मुलाला राघू आणि मुलीला मैना म्हणण्याची रीतच आहे. घरातली लेकरेच पाखरे, मग त्यांनी उडून जावे की राहावे, हा प्रश्न प्रत्येक ओवीत दबा धरून असतो.

शुकनळिका : मराठीत पकडलेल्या पक्ष्याचे फार जुने आणि माझ्या मते सर्वांत खोल चित्र ज्ञानेश्वरीत (शके १२१२, इ. स. १२९०) आहे. सहाव्या अध्यायात, माणूस स्वतःच स्वतःचा बंधू आणि स्वतःच स्वतःचा वैरी कसा होतो हे सांगताना ज्ञानेश्वर पोपट धरण्याच्या नळीचा दृष्टान्त देतात. फासेपारध्याची ही युक्ती साधी असते. दोरीत ओवलेली एक पोकळ नळी टांगायची. पोपट तिच्यावर येऊन बसला की त्याच्याच भाराने नळी गर्रकन फिरते आणि पोपट उलटा लोंबकळतो. नळी सोडली तर तो उडू शकतो, कारण पाय कशातच अडकलेले नसतात. पण पडण्याच्या भीतीने तो नळी आणखी घट्ट धरतो, मान पिळतो, छाती आवळून घेतो.

म्हणे बांधला मी फुडा ।
ऐसिया भावनेचिया पडे खोडां ।
कीं मोकळिया पायांचा चवडा ।
गोंवी अधिकें ॥

‘मी खरोखरच बांधला गेलो’ या कल्पनेच्या खोड्यात तो पडतो आणि मोकळा असलेला पायाचा चवडा आणखी गुंतवतो. पुढच्या ओवीत ज्ञानेश्वर विचारतात, याला दुसऱ्या कुणी बांधले आहे काय? अर्धा तोडून नेला तरी तो नळी सोडत नाही. पुढे ‘शुकनलिकान्याय’ म्हणून हा दृष्टान्त वेदान्ताच्या चर्चेत रूढ झाला. ‘मोकळिया पायांचा चवडा’ हे शब्द वाचताना ती बोटे, त्यांची पकड आणि खालची रिकामी हवा डोळ्यांपुढे येते. पक्षी न पाहता कुणाला असे लिहिता येणार नाही.

हा दृष्टान्त जपून वापरावा लागतो. तो अज्ञानाच्या बंधनाविषयी आहे. ज्याच्या पायात खरी बेडी आहे त्याला ‘तूच नळी धरून बसला आहेस’ असे सांगणे हा त्याचा गैरवापर होय.

ज्ञानेश्वरांच्या थोडे आधी होऊन गेलेल्या फारसी सूफी कवी रूमींच्या (१२०७–१२७३) ‘मसनवी’ या काव्यात, पहिल्याच दफ्तरात म्हणजे खंडात, एका व्यापाऱ्याच्या पोपटाची कथा आहे. व्यापारी हिंदुस्थानला निघतो तेव्हा पोपट त्याच्याजवळ तिथल्या पोपटांसाठी निरोप देतो : मी पिंजऱ्यात आहे, एवढे सांग. निरोप ऐकताच तिथला एक पोपट थरथरतो आणि मरून पडतो. परतल्यावर व्यापारी हे सांगतो, तर घरचा पोपटही तसाच पडतो. हळहळत तो त्याला पिंजऱ्याबाहेर टाकतो आणि पोपट उडून फांदीवर बसतो. हिंदुस्थानातल्या पोपटाने मरणाचे सोंग करून सुटकेची वाट कळवली होती. दोन्ही पोपटांना सुटायला धरलेले सोडावेच लागते. फरक एवढाच की रूमींचा पोपट आपल्या भाईबंदांच्या मदतीने सुटतो.

भाईबंदांच्या बळावर सुटणाऱ्या पक्ष्यांची आपल्याकडची कथा त्याहून जुनी आहे. पंचतंत्रात आणि पुढे हितोपदेशात ती येते. हितोपदेशातली कथा सुरू होते गोदावरीच्या तीरावरच्या एका विशाल सावरीच्या झाडापाशी. पारध्याने तांदूळ टाकून जाळे पसरलेले असते आणि राजा चित्रग्रीवाचे कबुतरांचे थवे त्यात सापडतात. सगळे एकदम झेप घेतात आणि जाळ्यासकट उडतात. शाळेत ही गोष्ट एकीचे बळ म्हणून शिकवतात आणि बहुतेक तिथेच थांबतात. पण खरी गोष्ट उंदराच्या बिळापाशी घडते. हिरण्यक उंदीर मित्र म्हणून आधी चित्रग्रीवाचे पाश कुरतडायला येतो आणि चित्रग्रीव त्याला थांबवतो : आधी माझ्या आश्रितांचे तोड. उंदीर म्हणतो, माझे दात कोवळे आहेत, सगळ्यांचे होईलच असे नाही. तरी राजा हटत नाही.

जात्यावरचे पाखरू : बायकांच्या ओव्यांमध्ये ही प्रतिमा ग्रंथातून उतरलेली नाही, ती अंगणातून आली आहे. पहाटेच्या अंधारात बाई जात्याला बसे, एका हाताने खुंटा फिरवी, दुसऱ्याने दाण्यांची वैरण घाली. पाळीभोवती दाणे सांडत आणि उजाडताना चिमण्या ते टिपायला येत. चिमणी आली तशी गेली. बाईला मात्र दळण संपेपर्यंत, आणि सासरच्यांनी पाठवेपर्यंत, उठता येत नसे. या ओव्यांतली सुटका म्हणजे माहेर. माहेरी न्यायला येणारा मुराळी कधी येईल याची वाट पाहणे, कावळा कोकला की पाहुणा येणार असे मानणे, पाखराजवळ आईला निरोप देणे, हा या गाण्यांचा नित्याचा विषय. हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ या अभ्यासकांच्या पुढाकाराने महाराष्ट्रातील खेड्यापाड्यांतून एक लाखाहून अधिक ओव्यांचे संकलन झाले. घरातल्या बाईचा शब्द इतक्या मोठ्या संख्येने टिकला, याचे मोल शब्दांत सांगता येणार नाही.

कावळ्याचा हाच शकुन ज्ञानेश्वरांच्या विरहिणीत वरच्या पट्टीत जातो. ‘पैल तो गे काऊ कोकताहे’ म्हणणारी विरहिणी कावळ्याला सोन्याने पाय मढवायचे आमिष दाखवते आणि पंढरीराऊ घरी कधी येणार ते विचारते. जनाबाईंच्या नावाने गायल्या जाणाऱ्या अभंगात पक्षी दिगंतराला जातो, पण पिलांसाठी चारा घेऊन येतो. घार आकाशात हिंडते, पण झेप पिलांपाशी घालते. सबंध दिगंतर मोकळे आहे आणि तरीही पाखरू फिरून येते, हे इथे बंधन म्हणून आलेले नाही.

या धाग्याचे सर्वांत करुण रूप रेव्हरंड ना. वा. टिळकांच्या (१८६१–१९१९) ‘केवढे हे क्रौर्य’ या कवितेत आहे. माणसाने घायाळ केलेली पक्षीण पडत, उठत, वाट चुकत, रक्त गळत असताना आपल्या ढोलीकडे परतते. पिलांना म्हणते, ‘तुम्हांस अजि अंतिचा कवळ एक मी आणिला’. घास भरवते आणि प्राण सोडते. अनेक पिढ्यांनी ती शाळेत पाठ केली, आणि वर्गात ती म्हणताना आवाज कापल्याची आठवण कितीतरी जणांना असते. या पक्षिणीला पळून जाण्याची एकच वाट ठाऊक आहे आणि ती घरट्याशी संपते.

बहिणाबाई चौधरी (१८८०–१९५१) यांच्याकडे दोन पाखरे आहेत. एक सुगरण. ‘अरे खोप्यामधी खोपा’ या कवितेत ती इवल्याशा चोचीने पिलांसाठी झोका विणते. निसर्गात सुगरणीचा खोपा नर विणतो आणि मादी तो पसंत करते. पण जळगावजवळच्या आसोद्यात जन्मलेल्या, ऐन तिशीत वैधव्य आलेल्या आणि शेतात राबत लेकरे वाढवणाऱ्या या बाईने विणकर म्हणून आई पाहिली. त्यात निरीक्षणाची चूक शोधण्यापेक्षा कुणाचे कष्ट तिच्या डोळ्यांपुढे होते ते पाहावे. दुसरे पाखरू म्हणजे मन :

मन पाखरू पाखरू, त्याची काय सांगू मात?
आता व्हतं भुईवर, गेलं गेलं आभायात

‘आभाय’ म्हणजे आभाळ, लेवा बोलीतले. मराठीत निखळ मोकळे, कुठेही परतायला न बांधलेले पाखरू शोधायचे तर ते इथे सापडते, आणि ते लिहिता-वाचता न येणाऱ्या एका शेतकरी बाईच्या तोंडी आहे. तिच्या कविता १९५२ साली, तिच्या मृत्यूनंतर, पुस्तकरूपाने आल्या.

परमुलूख आणि तुरुंग : वि. दा. सावरकरांची ‘सागरा प्राण तळमळला’ ही कविता १९०९ सालच्या डिसेंबरात इंग्लंडमधील ब्रायटनच्या किनाऱ्यावर लिहिली गेली. ती तुरुंगात लिहिली असे अनेकांना वाटते, पण अटक पुढच्या वर्षीची, १९१०ची. त्या वेळी कवी वरकरणी मोकळा होता. तरी तो स्वतःला ‘शुक पंजरि’ म्हणतो : पिंजऱ्यात फसलेला पोपट, पाशात शिरलेले हरीण. परत आणीन असे वचन मायभूमीला देऊन सागराने नेले आणि फसवले, ही तक्रार आहे. गज नाहीत, कुलूप नाही. घरी जाता येत नाही एवढेच पिंजरा म्हणायला पुरेसे झाले.

याच प्रतिमेवरून २०२२ साली वाद झाला. कर्नाटकातील आठवीच्या कन्नड पाठ्यपुस्तकातल्या एका पाठात, अंदमानच्या कोठडीत बुलबुल येत आणि सावरकर त्यांच्या पंखांवर बसून रोज मायभूमीला जाऊन येत, असे वाक्य होते. ते रूपक असल्याचा खुलासा झाला, पण तसे सुचवणारा शब्द पाठात नाही हा आक्षेप राहिला. प्रतिमा म्हणून पाहिले तर ती ओळखीचीच आहे, कैद्याचे पाखरू त्याला घरी नेते. पण मुलांच्या इतिहासाच्या ओळीत ती घटना म्हणून उतरली की दोन्हींचे नुकसान होते.

अण्णा भाऊ साठे (१९२०–१९६९) वाटेगावहून घरच्यांबरोबर पायी मुंबईला आले. ‘माझी मैना गावाकडं राहिली’ या त्यांच्या छक्कडीत (लावणीच्या वळणाच्या गीतात) मुंबईला पोटासाठी आलेला गडी मागे राहिलेल्या बायकोसाठी झुरतो. संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीत ही छक्कड गाजली, कारण तिच्या शेवटाकडे मैनेची ताटातूट ही महाराष्ट्राबाहेर राहणाऱ्या सीमेवरच्या मराठी मुलखाची ताटातूट होते. इथे प्रतिमा उलटली आहे. पाखरू गावातच आहे, आणि उडून गेलेला माणूस महानगरात अडकला आहे.

अमेरिकेतल्या कृष्णवर्णीय वाङ्मयाशी तुलना केली तर फरक लख्ख दिसतो. गुलामीतून सुटलेल्या आईबापांचा मुलगा असलेल्या पॉल लॉरेन्स डनबार (१८७२–१९०६) यांनी १८९९ साली प्रसिद्ध केलेल्या कवितेत पिंजऱ्यातला पक्षी गजांवर पंख आपटून रक्तबंबाळ होतो. त्याचे गाणे आनंदाचे नसते, ती प्रार्थना असते. त्याच कवितेतल्या ओळीवरून माया अँजेलो यांनी १९६९ साली आपल्या आत्मकथनाला नाव दिले. ज्यांचे घरच मागच्या पिढ्यांत हिरावले गेले त्यांच्या पाखराला परतण्याचा पत्ता नव्हता. त्याला गज मोडून बाहेर पडायचे होते. मराठी सासुरवाशिणीच्या दुःखाशी ते दुःख एका मापात बसवू नये.

प्रत्यक्ष पक्षी : प्रतिमेचे ओझे खऱ्या पक्ष्यांनाही वाहावे लागते. जत्रेतल्या पोपटवाल्या ज्योतिष्याकडे हे जवळून दिसते. पिंजऱ्याचे दार वर सरकते, पोपट बाहेर येतो, ओळीने मांडलेल्या पाकिटांपैकी एक चोचीने ओढतो, दाणा घेतो आणि स्वतःच चालत आत जातो. दार नंतर खाली येते. पंखांची पिसे बहुधा कापलेली असतात. शुकनळिकेचा दृष्टान्त जत्रेत असा पायावर उभा असतो.

पुण्य म्हणून पाखरे विकत घेऊन सोडण्याची चाल अनेक ठिकाणी आहे. भावना चांगली असते, पण सोडण्यासाठी विकायचे म्हणून आधी मुनिया, पोपट जाळ्यात धरले जातात. पकडताना आणि दाटीच्या पिंजऱ्यात कित्येक मरतात, उरलेल्यांपैकी काही सोडल्यावर पुन्हा धरले जातात. वन्यजीव संरक्षण अधिनियम १९७२ नुसार देशी पोपट पकडणे, विकणे आणि घरात पाळणे गुन्हा आहे. हे अजून अनेक घरांना ठाऊक नाही; ‘मिठू’ ओसरीवर टांगलेला असतो आणि माणसे त्याच्यावर मनापासून माया करतात.

असा मिठू जप्त झाला किंवा कुणी आणून दिला तरी त्याला लगेच हवेत भिरकावत नाहीत. पिंजऱ्यात वाढलेल्या पक्ष्याच्या छातीचे स्नायू उडण्याइतके बळकट नसतात, चारा शोधणे त्याला येत नाही आणि शिकारी पक्ष्याची भीती त्याला माहीत नसते. कापलेली पिसे गळून नवी यावी लागतात. मग मोठ्या जाळीच्या दालनात, इतर पोपटांबरोबर, तो उडायला शिकतो. शेवटी दार उघडतात आणि उघडेच ठेवतात; बाहेर काही दिवस पेरू, मिरच्या, पाणी मांडतात. काही पोपट पहिल्याच दिवशी जातात. काही संध्याकाळी परत येतात, खातात, आत झोपतात आणि सकाळी पुन्हा बाहेर पडतात.